सही करायच्या आधी

(८ मार्चच्या महिला मेळाव्यात आपल्या क्षेत्र समन्वयक ताईंनी महाडला केलेलं भाषण. लावणीच्या पिशव्यांच्या बैठकीमुळे ज्या गटांना येता आलं नाही त्यांच्यासाठी आणि ज्या आल्या होत्या त्यांना गटात पुन्हा वाचता यावं म्हणून ते इथे देत आहोत. बोलल्या तसंच ठेवलं आहे.)



मला सांगितलं होतं की ताई, तू शिकलेली आहेस, तर आज महिला चळवळीच्या इतिहासावर बोल. मी घरी बसून दोन दिवस टिपणं काढली. सावित्रीबाईंपासून सुरुवात केली, तारखा लिहिल्या, कायदे लिहिले. आणि मग मागच्या आठवड्यात एका गटाच्या बैठकीला गेले. बचत झाली, हप्ते झाले, वहीवर सह्या झाल्या, आणि उठता उठता एका मावशींनी मला बाजूला घेतलं. म्हणाल्या, "ताई, शिमग्याला भाऊ येतायत मुंबईहून. माहेरच्या जमिनीचे कागद करायचेत. मला निरोप आलाय, सही द्यायला ये म्हणून. काय करू?"

मी विचारलं, "मावशी, कसली सही आहे?"

म्हणाल्या, "ते कुठं विचारलंय मी. भावाला विचारायचं कसं?"

त्या मावशी आज इथे बसल्या आहेत. नाव घेणार नाही, त्यांनीही हात वर करायचा नाही. पण त्या दिवशी घरी आल्यावर मी माझी टिपणं पुन्हा काढली आणि मला कळलं की ह्या सगळ्या इतिहासाचा अर्थ मावशींच्या त्या एका प्रश्नात आहे. म्हणून आज मी इतिहास सांगणार आहे, पण सांगून मावशींच्या सहीपाशीच येणार आहे. तेवढं ऐकून घ्या.

आपल्याला वाटतं चळवळ म्हणजे पुण्यामुंबईची गोष्ट. शिकलेल्या बायका, भाषणं, मोर्चे. पण बघा, आपण आत्ता कुठे बसलोय? इथून चालत गेलात तर चवदार तळं आहे. आपल्यातल्या कितीतरी जणी बाजाराला येताना त्याच्या कडेनं जातात. २० मार्च १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो माणसांना घेऊन त्या तळ्यावर गेले आणि पाणी प्यायले. कायद्यानं तो हक्क आधीच मिळालेला होता. १९२३ साली मुंबईच्या कायदेमंडळात सार्वजनिक पाणवठे सगळ्यांना खुले करण्याचा ठराव झाला होता, महाडच्या नगरपालिकेनंही तो मान्य केला होता. पण ठराव कागदावर आणि पाणी तळ्यात. मध्ये जायची हिंमत कुणी केली नव्हती. ती त्या दिवशी झाली. त्याबद्दल माणसांनी मार खाल्ला, डोकी फुटली. पुढे कोर्टात दावा चालला आणि शेवटी १९३७ साली हायकोर्टाचा निकाल आपल्या बाजूनं लागला. दहा वर्षं गेली.

हे आपल्याला माहीत असतं. दरवर्षी २० मार्चला महाडला केवढी गर्दी होते ते आपण बघतो. पण त्याच वर्षी डिसेंबरात काय झालं ते बायकांनी विशेष लक्षात ठेवण्यासारखं आहे. २५ डिसेंबर १९२७ ला महाडलाच दुसरी परिषद भरली. त्या रात्री मनुस्मृती जाळली. कशासाठी जाळली? तर त्या ग्रंथात शूद्रांना जसे हक्क नाकारलेत तसेच बाईलाही नाकारलेत. बाईनं लहानपणी बापाच्या, लग्नानंतर नवऱ्याच्या आणि म्हातारपणी मुलाच्या ताब्यात राहावं, असं त्यात सांगितलंय. आणि त्यानंतर २७ डिसेंबरला बाबासाहेबांनी खास बायकांची सभा घेतली. इथेच, महाडला.

त्या सभेत त्यांनी काय सांगितलं? मोठे मोठे शब्द नाही वापरले. म्हणाले, तुमच्या लुगड्यावरून तुमची जात ओळखू येते, ती नेसण्याची पद्धत सोडा. अंगावर कथलाचे, चांदीचे ओझ्याचे दागिने घालू नका. मुलींना शाळेत घाला. नवरा किंवा मुलगा दारू पिऊन घरी आला तर त्याला जेवायला वाढू नका. अशा चार-पाच गोष्टी.

आणि बायकांनी काय केलं? "बघू, घरी विचारून सांगते" असं नाही म्हणाल्या. लगेच लुगडं नेसायची पद्धत बदलली. चित्रे आणि टिपणीस हे दोघं त्या चळवळीतले साथी, त्यांच्या घरच्या बायका मदतीला आल्या आणि लुगडं घोट्यापर्यंत कसं नेसायचं ते त्यांनी दाखवलं. विचार करा मावशींनो. पिढ्यान्‌पिढ्या ज्या पद्धतीनं नेसत आलो ती एका दिवसात सोडायची म्हणजे काय? दुसऱ्या दिवशी त्याच गावात, त्याच वाटेनं, त्याच लोकांसमोरून जायचंय. लोक काय म्हणतील हा प्रश्न त्यांनाही पडला असेलच. आपल्याला गटाची साडी निवडायला तीन बैठका लागतात!

(इथे सगळ्या हसल्या.)

हसू नका, खरं आहे ते.

आता थोडं मागे जाऊ. १८४८ साली पुण्यात जोतीराव आणि सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली. सावित्रीबाई शाळेत जाताना लोक शेण फेकायचे, हे तुम्ही भाषणांत ऐकलंय. फातिमा शेख त्यांच्याबरोबर शिकवत होत्या. १८८२ साली बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी 'स्त्री-पुरुष तुलना' नावाचं पुस्तक लिहिलं. तेव्हा एका विधवेला मोठी शिक्षा झाली होती आणि वर्तमानपत्रं सगळ्या बायकांनाच नावं ठेवत होती. ताराबाईंनी विचारलं, की सगळे दोष बाईतच कसे काय असतात, पुरुषात नसतात का? साधा प्रश्न. पण तो छापून विचारणारी बाई तोपर्यंत कुणी पाहिली नव्हती.

मग रखमाबाई. मुंबईच्या. अकराव्या वर्षी लग्न लागलं, पण त्या माहेरीच राहिल्या, शिकल्या. मोठी झाल्यावर नवरा म्हणाला नांदायला ये. त्या म्हणाल्या, ह्या लग्नाला माझी संमती कुणी विचारली होती? १८८४ साली नवऱ्यानं दावा लावला. १८८७ साली कोर्टानं सांगितलं, नांदायला जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाई म्हणाल्या, तुरुंगात जाते. सगळ्या देशात आणि विलायतेतही खळबळ झाली. शेवटी १८८८ साली तडजोड झाली, नवऱ्याला दोन हजार रुपये दिले गेले आणि त्या मोकळ्या झाल्या. मग विलायतेला जाऊन डॉक्टर झाल्या आणि सुरत, राजकोटला बायकांच्या दवाखान्यात आयुष्यभर काम केलं.

मी हे का सांगतेय? रखमाबाई 'नाही' म्हणाल्या, म्हणून आपण आज मुलीला 'तुला हा मुलगा पसंत आहे का' असं विचारतो. निदान विचारल्यासारखं तरी करतो.

आणि हे फक्त आपल्याकडेच होतं असं समजू नका. आपल्याला वाटतं गोऱ्या देशांत बायका पहिल्यापासून मोकळ्या. स्पेन नावाचा देश आहे युरोपात. तिथे १९३१ साली बाईला मत द्यायचं की नाही ह्यावर त्यांच्या संसदेत वाद झाला. क्लारा कांपोआमोर नावाच्या वकील बाई उभ्या राहिल्या आणि त्यांनी बाजू लावून धरली. गंमत म्हणजे विरोधात बोलणारी एक बाईच होती. ती म्हणत होती, बायका अजून तयार नाहीत, आत्ता नको. पण मत मिळालं, आणि १९३३ ला तिथल्या बायकांनी मतदान केलं. मग पुढे तिथे हुकूमशाही आली. फ्रँको नावाचा हुकूमशहा. मिळालेलं सगळं गेलं. लग्न झालेल्या बाईला नोकरी करायची असेल, बँकेत खातं काढायचं असेल, एखाद्या करारावर सही करायची असेल, तर नवऱ्याची लेखी परवानगी लागायची. हा नियम कधी गेला माहीत आहे? १९७५ साली. इथे बसलेल्या कितीतरी जणींचा जन्म त्याच्या आधीचा आहे.

आता आपल्या गटाचं खातं आठवा. आपल्या खात्यावर सह्या कुणाच्या? अध्यक्ष, सचिव, खजिनदार. तिन्ही बायका. बँकेत गेल्यावर साहेब नवऱ्याला बोलवा म्हणत नाही. आपल्याला ही गोष्ट रोजची झालीय, पण ती फार मोठी आहे. आणि स्पेनच्या गोष्टीतून मी एक शिकले. एकदा मिळालं म्हणजे कायमचं मिळालं असं नसतं. वापरलं नाही, सांभाळलं नाही, तर परत जातं.

परत आपल्याकडे येऊ. मुंबई इलाख्यात बायकांना पहिल्यांदा मत मिळालं १९२१ साली. पण सगळ्यांना नाही हं. ज्यांच्याकडे मालमत्ता असेल त्यांनाच. म्हणजे बघा, नावावर काही नसेल तर तेव्हा मतसुद्धा नव्हतं. सगळ्यांना सरसकट मत दिलं ते आपल्या संविधानानं, १९५० साली.

१९४२ च्या जुलै महिन्यात नागपूरला दलित महिलांची मोठी परिषद झाली. सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष होत्या. हजारो बायका आल्या होत्या. त्यांनी काय मागितलं? बाईलाही घटस्फोट घेता यावा. एकाला दोन-दोन बायका करता येऊ नयेत. गिरणीत, विडीच्या कारखान्यात राबणाऱ्या बाईला भरपगारी रजा मिळावी. मागण्या वाचल्या की वाटतं कालच्याच आहेत. स्वातंत्र्यानंतर बाबासाहेब कायदामंत्री झाले आणि त्यांनी हिंदू कोड बिल आणलं. त्यात बाईला घटस्फोटाचा हक्क होता आणि मुलीला बापाच्या मालमत्तेत हिस्सा होता. त्याला एवढा विरोध झाला की ते मंजूर होऊ शकलं नाही. सप्टेंबर १९५१ मध्ये बाबासाहेबांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्याचं हे एक मोठं कारण होतं. नंतर तेच तुकडे तुकडे करून मंजूर झालं. १९५५ ला लग्नाचा कायदा, १९५६ ला वारसाचा कायदा.

मग आला आमच्या आजीचा काळ. १९७२ चा दुष्काळ, महागाई. मुंबईत मृणाल गोरे, अहिल्याबाई रांगणेकर यांच्यामागे बायका लाटणी आणि थाळ्या घेऊन रस्त्यावर उतरल्या. तिकडे धुळे जिल्ह्यात शहाद्याला आदिवासी बायकांनी दारूची मडकी फोडली. १९८० साली मुंबईत बायका बलात्काराच्या कायद्यासाठी रस्त्यावर आल्या. विदर्भातल्या एका आदिवासी मुलीवर पोलीस चौकीत अत्याचार झाला होता आणि सुप्रीम कोर्टानं पोलिसांना सोडून दिलं होतं. तिनं आरडाओरडा केला नाही, अंगावर खुणा नाहीत, म्हणजे तिची संमती होती, असं म्हणून. त्याच्याविरुद्ध सगळ्या देशातल्या बायका उठल्या आणि १९८३ ला कायदा बदलावा लागला. आणि १९८६ ला नाशिक जिल्ह्यात चांदवडला शेतकरी बायकांचं मोठं अधिवेशन झालं. लाखांनी बायका जमल्या होत्या. त्यातून पुढे शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं 'लक्ष्मीमुक्ती' काढलं. म्हणजे नवऱ्यानं आपणहून जमीन बायकोच्या नावावर करून द्यायची. कितीतरी गावांत शेतकऱ्यांनी तशी करून दिली. १९९२ साली शासनानंही त्यासाठी परिपत्रक काढलं.

इथे मी थांबते आणि आपल्या रायगडचं एक सांगते. चरीचा संप तुम्हाला माहीत असेल. अलिबागजवळचं चरी. १९३३ ते १९३९, सहा वर्षं कुळांनी खोतांची जमीन कसली नाही. उपास काढले पण हटले नाहीत. त्यातूनच पुढे कूळकायदा आला. कसेल त्याची जमीन. कोकणात कितीतरी घरांना त्यानं सातबारा दिला. कदाचित तुमच्याही घराला दिला असेल. आता मला सांगा, आपल्याकडे कसतं कोण? पुरुष मुंबईला, नाहीतर पुण्याला, नाहीतर एमआयडीसीत. तरवा कोण काढतं? लावणी कोण करतं? नाचणीची बेणणी कोण करतं? भारे कोण वाहतं? आणि सातबाऱ्यावर नाव कुणाचं आहे? कसेल त्याची जमीन झाली. कसेल तिची अजून व्हायचीय.

आता कायदा. नीट ऐका, लिहून घ्यायचं असेल तर लिहा.

१९५६ च्या कायद्यानं वडील मृत्युपत्र न करता गेले तर त्यांच्या वाट्याला मुलगा, मुलगी, बायको आणि आई हे सगळे सारखे वारस झाले. पण वडिलोपार्जित जमिनीत जन्मापासूनचा हक्क फक्त मुलांनाच होता. १९९४ साली महाराष्ट्रानं देशाच्या आधी तो मुलींनाही दिला. पण त्यात एक अट होती, २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेलं असेल तर नाही. ती अट २००५ च्या केंद्राच्या कायद्यानं काढली. लग्न झालेलं असो, नसो, मुलगी मुलाच्या बरोबरीची. मग कोर्टकचेऱ्या झाल्या, की २००५ ला वडील हयात नसले तर काय. ११ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं की मुलीचा हक्क जन्मानं आहे, वडील तेव्हा हयात असायची गरज नाही. फक्त २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर वाटप झालेलं असेल तर ते आता उकरता येत नाही.

हा कायदा हिंदू आणि बौद्ध बहिणींना लागू आहे. आपल्या गटांत मुस्लिम बहिणी आहेत, त्यांचा कायदा वेगळा. त्यात मुलीचा हिस्सा मुलाच्या निम्मा, पण हिस्सा आहे. आणि आपल्या कातकरी वाडीवरच्या बहिणींना हा १९५६ चा कायदा सरळ लागू होत नाही. त्यांचा प्रश्न तर त्याच्याही आधीचा आहे, घराखालची जागाच नावावर नाही. त्यावर आपण वेगळी बैठक घेणार आहोत, ती विसरलेली नाही.

आता मी माझ्या घरचं सांगते. मी समाजकार्य शिकत होते तेव्हा मी ह्या कायद्यांवर निबंध लिहिला. चांगले मार्क पडले. सुट्टीत घरी गेले आणि मोठ्या उत्साहानं आईला सांगायला लागले, आई, तुला तुझ्या माहेरच्या जमिनीत मामांच्या बरोबरीचा हिस्सा आहे. आई भाकरी थापत होती. तिनं हात थांबवला नाही. म्हणाली, "सही करून तेरा वर्षं झाली त्याला."

मी विचारलं, कसली सही? तर म्हणाली, मामा म्हणाला वारसाचे कागद आहेत, तहसीलला ये. गेले. साहेबांनी विचारलं राजीखुशीनं का? मी म्हटलं होय. परत येताना मामानं साडी घेतली.

तो कागद हक्कसोडपत्र होता. मी नंतर वाचला. तो रजिस्टर झालेला होता, म्हणजे तिचा हक्क गेला. आईला मी विचारलं, तुला वाईट नाही का वाटलं? ती म्हणाली, "जमिनीचं नाही वाटलं. मी दिलीच असती. पण मला विचारलं असतं तर बरं झालं असतं. ह्यात काय लिहिलंय ते वाचून दाखवलं असतं तर."

मामा वाईट माणूस नाही. आजही गणपतीला आम्ही जातो. पण बाबा आजारी पडले तेव्हा दवाखान्यासाठी पैसे लागले, आणि आईकडे गहाण ठेवायला स्वतःच्या नावाचं काही नव्हतं. शेवटी गटानं कर्ज दिलं. म्हणून मी ह्या कामात आले, हेही खरं आहे.

आता तुमच्या मनात काय चाललंय ते मला माहीत आहे. तुम्ही म्हणाल, ताई, हिस्सा मागितला तर माहेर तुटतं. गौरी-गणपतीला कोण बोलावणार? नवऱ्यानं घराबाहेर काढलं तर जायचं कुठं? ही भीती खोटी नाही. मी वयानं लहान आहे, माझं लग्न व्हायचंय, तुमच्याएवढे उन्हाळे-पावसाळे मी काढलेले नाहीत. म्हणून मी असं सांगणार नाही की उद्या जाऊन भावावर दावा लावा. हिस्सा घ्यायचा की सोडायचा हे तुमचं तुम्ही ठरवायचं. भावाची परिस्थिती वाईट असेल, आईवडिलांना त्यानं सांभाळलं असेल, तुम्हाला मनापासून सोडायचं असेल, तर सोडा. पण आपण काय सोडतोय, किती सोडतोय हे माहीत करून घेऊन सोडा. देणं वेगळं आणि न विचारता काढून घेतलं जाणं वेगळं.

आणि दुसरं. इथे बसलेली प्रत्येक बाई कुणाची तरी नणंद आहे आणि कुणाची तरी वहिनी आहे. नणंद म्हणून आपल्याला वाटतं, भावानं विचारलं पाहिजे. आणि वहिनी म्हणून? आपणच नवऱ्याला सांगतो, "ताईंच्या सह्या घेऊन टाका एकदाच्या, नंतर भानगड नको." सांगतो ना? (बऱ्याच जणी एकमेकींकडे बघून हसल्या.) मग हा सगळा खेळ पुरुषांनीच केला असं म्हणता येत नाही. ज्या दिवशी एक वहिनी नवऱ्याला म्हणेल, "ताईंना आधी कागद वाचून दाखवा, मग सही घ्या", त्या दिवशी महाडला अजून एक सत्याग्रह झाला असं मी समजेन. त्यात डोकी फुटणार नाहीत, फक्त घरात थोडे दिवस अबोला राहील.

कागदावरच्या नावानं काय होतं, असंही कुणी म्हणेल. २२ जुलै २०२१ आठवा. सावित्रीला आणि गांधारीला पूर आला, महाड पाण्याखाली गेलं. तळियेवर दरड आली. पोलादपूरच्या वाड्यांवर आली. त्याबद्दल मी जास्त बोलत नाही, इथे बसलेल्यांमध्ये घरची माणसं गेलेल्या आहेत. फक्त एक सांगते. त्या पुरात घरातले कागद चिखलात गेले. रेशनकार्ड, पासबुकं, सगळं. मग काय उरलं? सरकारी दप्तरात ज्याचं नाव होतं ते. पंचनाम्याला, मदतीला, पुढच्या प्रत्येक अर्जाला पहिला प्रश्न तोच, घर कुणाच्या नावावर? महामार्गाच्या चौपदरीकरणात जमिनी गेल्या तेव्हाही मोबदल्याची नोटीस कागदावरच्या नावालाच आली. बाई त्या घरात चाळीस वर्षं राहिलीय, हे कुठल्याही रकान्यात लिहिलेलं नसतं.

मग करायचं काय? चार कामं सांगते. गटात ह्याच महिन्यात घ्या.

पहिलं. प्रत्येकीनं सासरचा आणि माहेरचा सातबारा आणि आठ अ बघायचा. महाभूलेखवर मोबाईलमध्ये फुकट दिसतो. सही असलेला डिजिटल उतारा पंधरा रुपयांत मिळतो. आपली एखादी शिकलेली मुलगी पाच मिनिटांत काढून देईल. त्यावर नावं कुणाची आहेत ते मोठ्यानं वाचा.

दुसरं. घरात कुणी वारलं असेल तर वारस नोंद झाली का ते तलाठ्याकडे, म्हणजे आता ज्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्यांच्याकडे, विचारा. अर्जात मुलींची नावं घातली का ते बघा. बऱ्याचदा फक्त मुलांची घालतात. नाव राहिलं म्हणून हक्क जात नाही, पण पुढे धावपळ तुम्हालाच करावी लागते. फेरफाराची नोटीस आली तर हरकत घ्यायला पंधरा दिवस असतात. नोटीस चुलीवरच्या फळीवर ठेवून देऊ नका.

तिसरं. नवऱ्याशी बोला. लक्ष्मीमुक्तीनं त्यानं स्वतः अर्ज दिला तर सातबाऱ्यावर बायकोचं नाव लागतं. ग्रामपंचायतीच्या नमुना आठवर घर दोघांच्या नावावर करता येतं. हे भांडण न करता होणारं काम आहे. आपल्या संघातल्या काही घरांनी केलंय. त्या नवऱ्यांना पुढच्या मेळाव्याला बोलवू आणि नारळ देऊ.

चौथं, सगळ्यात महत्त्वाचं. कुठल्याही कागदावर सही किंवा अंगठा करायच्या आधी तीन प्रश्न विचारायचे. ह्या कागदाचं नाव काय? ह्यात माझं काय जातंय? मला ह्याची प्रत मिळेल का? विचारायला लाज वाटली तर म्हणा, "आमच्या गटात नियम आहे, वाचल्याशिवाय सही करायची नाही." गटावर ढकला, गट तेवढ्यासाठीच आहे. आपण बचतीची वहीसुद्धा वाचून मगच सही करतो ना? तोच नियम. आणि अडचण आली तर महाडच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती आहे. बाईला तिथे वकील फुकट मिळतो, उत्पन्न कितीही असो.

इतिहासाबद्दल बोलायला सांगितलं होतं, मी सातबाऱ्यावर आले. पण मला वाटतं इतिहास असाच इथपर्यंत येतो. जिजाऊंची समाधी आपल्या पाचाडला आहे, चवदार तळं इथे आहे, मनुस्मृती इथे जाळली, बायकांनी लुगडं इथे बदललं. ह्या मातीत एवढं झालंय, तर आपण निदान एक कागद वाचू शकतो.

शेवटी मावशींसाठी. मावशी, तुम्ही विचारलंत की काय करू. मी त्या दिवशी उत्तर दिलं नाही, कारण मला काय बोलावं ते सुचलं नाही. आज सांगते. शिमग्याला माहेरी जा. पालखी घरी येईल तेव्हा भावाबरोबर देवाला हात जोडा, वहिनीबरोबर पुरणपोळ्या लाटा. कागद पुढे आला की म्हणा, "दादा, मी उद्या सही करते. आज घेऊन जाते, वाचून घेते." त्याला राग आला तर येऊ दे, एका रात्रीत उतरेल. तो कागद मला फोनवर फोटो काढून पाठवा, नाहीतर मीच येते पहिल्या गाडीनं. आपण दोघी बसून पहिल्या ओळीपासून वाचू. मग तुम्ही ठरवा. सही केलीत तरी मला राग येणार नाही, आणि नाही केलीत तरी मी टाळ्या वाजवणार नाही. फक्त तुम्ही वाचून ठरवलंत एवढं मला कळलं की पुरे.

आणि पुढच्या बैठकीत बाकीच्यांनी आपापले उतारे घेऊन यायचे. मी हजेरीबरोबर ते पण तपासणार आहे.

जय जिजाऊ, जय सावित्री, जय भीम.